खऱ्या नावांचा देश
(मंडळाच्या श्रावण व्याख्यानमालेत दिलेल्या भाषणाचा मजकूर)



चिटणीसांनी फोन करून विषय विचारला तेव्हा मी म्हणालो, "जादूगारांच्या एका पुस्तकावर बोलेन म्हणतो." पलीकडे जरा शांतता झाली. मग ते नम्रपणे म्हणाले, "सर, आपल्याकडे श्रोते बहुतेक ज्येष्ठ असतात." मी म्हटलं, "म्हणूनच."

सुरुवात एका गोष्टीने करतो. गाँट नावाचं एक डोंगराळ बेट आहे. तिथे सात वर्षांचा एक मुलगा शेळ्या राखतो. आई लहानपणीच गेलेली. मावशी गावातली चेटकीण. एकदा एक शेळी झोपडीच्या छपरावर चढली आणि काही केल्या उतरेना. मावशीने काही शब्द म्हटले, शेळी टुणकन खाली आली. मुलाने ते शब्द कान देऊन ऐकले. दुसऱ्या दिवशी डोंगरावर त्याने गंमत म्हणून तेच शब्द मोठ्याने म्हटले. अर्थ माहीत नाही, हेतू काही नाही. सगळ्या शेळ्या आल्या. आवाज न करता आल्या, त्याच्याभोवती दाटीने उभ्या राहिल्या आणि हलेचनात. मुलगा घाबरला, पळत सुटला, आणि शेळ्यांचं ते कोंडाळंही त्याला चिकटून गावात आलं. लोक हसले. मावशी मात्र हसली नाही. तिने आधी शेळ्या मोकळ्या केल्या, मग त्याला विचारलं, "तू काय म्हणालास ते तुला ठाऊक आहे का?" तो म्हणाला, "नाही."

हा मुलगा पुढे गेड नावाचा मोठा जादूगार होतो. पुस्तकाचं नाव 'अ विझर्ड ऑफ अर्थसी', साल 1968, लेखिका अर्सुला ले ग्विन. अमेरिकेतल्या बर्कलीत 1929 साली जन्मलेली आणि 2018 साली वारलेली ही बाई. अर्थसी म्हणजे तिने कल्पिलेलं बेटांचं जग. मोठा भूखंड नाहीच, जिकडे तिकडे समुद्र आणि शेकडो बेटं. ही बेटं सेगॉय नावाच्या आद्य शक्तीने समुद्रातून वर काढली, तीही हाताने नव्हे, शब्द उच्चारून. ज्या भाषेत तो बोलला त्या आदिभाषेत प्रत्येक वस्तूचं खरं नाव आहे, आणि खरं नाव ज्याला ठाऊक त्याची त्या वस्तूवर सत्ता चालते.

आता मला सांगा, यात आपल्याला परकं काय वाटलं?

आपण बारशाला काय करतो? आत्या बाळाच्या कानाशी लागते, कुर्रर्र करते, नाव सांगते, आणि तिच्या पाठीत धपाटे बसतात. नाव आधी कानात, मग जगात. अर्थसीत मूल तेराव्या वर्षात आलं की जादूगार त्याला वाहत्या पाण्यातून चालवतो आणि पलीकडे पोहोचल्यावर त्याचं खरं नाव हळू आवाजात त्याला सांगतो. हे नाव जगाला कळत नाही. जग हाक मारतं ती टोपणनावाने. गेडला सगळे स्पॅरोहॉक म्हणतात. खरं नाव सांगायचं ते फक्त ज्याच्या हाती जीव सोपवता येईल अशा माणसाला. आपल्याकडेही मुंजीत मंत्र कानातच दिला जातो. माझी आजी आजोबांचं नाव फक्त उखाण्यात घ्यायची, एरवी "अहो" आणि "इकडून". आपण त्याला जुन्या बायकांची रीत म्हणतो. त्यातली जाचाची बाजू मी नाकारत नाही. पण नाव म्हणजे नुसती चिठ्ठी नव्हे, ते उच्चारलं की काहीतरी घडतं, ही समजूत त्यामागे होतीच.

आजीच्या बोलण्यात ही समजूत पावलोपावली असे. दिवा विझला म्हणायचं नाही, दिवा मालवला किंवा शांत केला. बांगडी फुटली नाही, वाढवली. डब्यातले तांदूळ संपत नसत, तेही वाढत. रात्री सापाचं नाव घ्यायचं नाही, लांबडं म्हणायचं. घरातून निघताना "जातो" म्हटलं की ती तिथल्या तिथे अडवायची, "येतो म्हण." आणि कोणी वेडंवाकडं बोललं की, "वास्तू तथास्तु म्हणते रे!" कुठलीही पोथी न उघडता या बाईने आम्हाला शिकवलं की तोंडातून निघालेला शब्द हवेत विरत नाही.

पोथ्यांतही तेच आहे. त्वष्ट्याच्या मुलाला इंद्राने मारलं. सूड घ्यायला त्वष्ट्याने यज्ञ केला आणि आहुती देताना 'इंद्रशत्रू वाढो' असं म्हटलं. त्याला म्हणायचं होतं, इंद्राचा जो शत्रू, त्याला मारणारा, तो वाढो. त्यासाठी स्वर शब्दाच्या शेवटी हवा होता. तो पडला पहिल्या अक्षरावर. समास बदलला. अर्थ झाला, इंद्र ज्याचा शत्रू, म्हणजे इंद्र ज्याला मारणार, तो. यज्ञातून वृत्र निघाला आणि इंद्राने त्याला मारलं. अक्षर एकही चुकलं नव्हतं, फक्त आघाताची जागा चुकली. वेदपाठशाळेत विद्यार्थ्यांना हीच गोष्ट पिढ्यान् पिढ्या धाक म्हणून सांगतात.

आणि गणपतीचंच घ्या. अथर्वशीर्षात त्याच्या मंत्राचं बीज कसं उच्चारायचं, आधी काय, मध्ये काय, शेवटी काय, हे व्याकरणाच्या तासासारखं सांगितलंय. ज्ञानेश्वर तर ग्रंथाच्या आरंभीच म्हणतात की हा जो गणेश, त्याची मूर्ती म्हणजेच अवघं शब्दब्रह्म. पुराणं हे त्याचे अलंकार, काव्यनाटकं ही त्याची लहान घुंगरं आणि अर्थ हा त्या घुंगरांचा नाद. म्हणजे ज्याच्यापुढे आपण दहा दिवस हात जोडतो, तो देव ज्ञानेश्वरांच्या लेखी भाषेचाच बनलेला आहे.

तेव्हा शब्दांत शक्ती असते ही कल्पना आपल्याला नवी नाही. मग ले ग्विनबाईंचं पुस्तक कशासाठी वाचायचं? माझ्या मते तीन गोष्टींसाठी.

पहिली गोष्ट, या शक्तीला तिने घातलेली मर्यादा. रोक बेटावर जादूगारांची शाळा आहे. तिथे नावांचे गुरू एका एकाकी मनोऱ्यात राहतात. शिकवायचं काय, तर याद्या. या भुशिराचं नाव, त्या खडकाचं नाव, या वनस्पतीच्या पानाचं, पाकळीचं, मुळाचं नाव. पानभर लिहून दिलेलं रात्रीतून पाठ करायचं, कारण मध्यरात्री शाई उडून जाते. समुद्राला आदिभाषेत 'इनिएन' म्हणतात, पण तेवढं ठाऊक असून समुद्र ताब्यात येत नाही. प्रत्येक उपसागराला, प्रत्येक खाडीला आपलं नाव आहे आणि ते सगळं कोणालाच पाठ होणार नाही. ज्ञान अपुरं आहे म्हणूनच जग टिकून आहे.

याच पुस्तकात भाषेच्या शिक्षकाला आवडेल असं एक उदाहरण आहे. तिथल्या रोजच्या बोलीत फेसाला 'सुकिएन' म्हणतात. तो शब्द आदिभाषेतल्या 'सुक' म्हणजे पीस आणि 'इनिएन' म्हणजे समुद्र यांतून आला. समुद्राचं पीस म्हणजे फेस. आपल्याकडे जसे संस्कृतातून झिजत झिजत आलेले तद्भव शब्द, तसाच हा. पण 'सुकिएन' म्हणून फेस ऐकत नाही. त्याचं मूळचं नाव 'एसा', त्या नावाने हाक मारली तरच तो ओ देतो.

दुसरी मर्यादा तोलाची. गेड शाळेत हस्तकौशल्याच्या गुरूंना विचारतो की खड्याचा हिरा झालेला दिसतो, तो हिराच कायम राहील असं कसं करायचं? गुरू सांगतात की त्यासाठी खड्याचं खरं नाव बदलावं लागेल आणि एक खडा बदलला तरी सगळं जग तेवढं बदलतं. खडा हीसुद्धा चांगलीच गोष्ट आहे. पोराला ते पटत नाही. पुढे एका श्रीमंत विद्यार्थ्याशी ईर्ष्या लागते आणि तो आपली ताकद दाखवायला मेलेल्या राणीला हाक मारतो. राणीचं रूप क्षणभर दिसतं, पण त्या फटीतून दुसरंच काहीतरी बाहेर येतं, एक बिननावाची काळी सावली. ती बंद करताना वृद्ध महागुरूंचा जीव जातो, आणि ती सावली उरलेलं पुस्तकभर गेडच्या मागे लागते.

नाव नाही म्हणून तिच्यावर सत्ता नाही. शेवटी पळणं थांबवून गेडच तिच्या मागे लागतो, जगाच्या कडेपलीकडे तिला गाठतो आणि तिला नाव देतो. कोणतं? गेड. त्याचं स्वतःचंच. त्याच क्षणी सावलीही त्याला त्याच नावाने हाक मारते, आणि दोन्ही एक होतात. मला वाटतं, माणसाने आयुष्यात एकदा तरी आपल्या रागाला, मत्सराला आपलं नाव द्यावं. "तो मला बोलला म्हणून", "त्यांनी असं केलं म्हणून" हे सगळं बाजूला ठेवून. मंडळाच्या निवडणुकीनंतर तर अवश्य. (हशा)

दुसरी गोष्ट म्हणजे नाव काढून घेणं आणि परत देणं. 1971 साली आलेल्या पुढच्या पुस्तकात टेनार नावाची मुलगी आहे. लहानपणी तिला घरातून नेऊन अंधाऱ्या भुयारांची पुजारीण करतात. तिचं नाव काढून घेतात आणि तिला 'गिळलेली' अशा अर्थाच्या नावाने हाक मारू लागतात. गेड त्या भुयारात कैदी होतो. तो तिच्यावर कुठला चमत्कार करत नाही. तो तिला तिचं विसरलेलं नाव सांगतो, "तू टेनार आहेस." एवढ्या एका शब्दावर ती त्या अंधारातून बाहेर पडण्याचं बळ गोळा करते.

इथे मी लेखिकेच्या घरातली एक खरी गोष्ट सांगणार आहे. तिचे वडील आल्फ्रेड क्रोबर हे मानववंशशास्त्रज्ञ होते. 1911 साली कॅलिफोर्नियात ओरोविल गावाजवळ एक भुकेलेला माणूस रानातून बाहेर आला. याही नावाच्या आदिवासी जमातीचा तो शेवटचा माणूस होता. बाकीच्यांच्या गोऱ्या वसाहतवाल्यांनी कत्तली केल्या होत्या, उरलेसुरले लपून राहता राहता संपले होते. क्रोबर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्याला सॅन फ्रान्सिस्कोच्या संग्रहालयात आसरा दिला. लोक विचारत, तुझं नाव काय? तो सांगेना. त्याच्या लोकांत आपलं नाव आपण सांगायचं नसे. आपल्यापैकी दुसऱ्या कोणीतरी आपली ओळख करून द्यायची. आणि दुसरं तर कोणी उरलंच नव्हतं. शेवटी क्रोबरांनी त्याला इशी म्हटलं. त्याच्या भाषेत इशी म्हणजे माणूस. 1916 साली तो क्षयाने गेला आणि त्याचं नाव त्याच्याबरोबर गेलं. लेखिकेची आई थिओडोरा यांनी 1961 साली इशीवर पुस्तक लिहिलं. सात वर्षांनी मुलीने खऱ्या नावांचा देश लिहिला. एकाचा दुसऱ्याशी किती संबंध ते मी सांगू शकत नाही. पण इशीचं आठवलं की मला वाटतं, भाषा मरते ती शब्दकोशात नव्हे. आपलं नाव घेणारा दुसरा माणूस राहत नाही, त्या दिवशी ती मरते.

आता तिसरी गोष्ट, जिच्यासाठी मी आज हा विषय घेतला.

तिसरं पुस्तक 'द फार्देस्ट शोर', 1972 सालचं. एका जादूगाराला मरायचं नाही. अमर होण्यासाठी तो जगणं आणि मरण यांच्यामधलं दार उघडं करतो, आणि त्या दारातून जगाची शक्ती गळू लागते. गळते म्हणजे कशी? पूर नाही, भूकंप नाही. शब्द आठवेनासे होतात. मांत्रिक मंत्राच्या मध्येच अडकतो. लॉरबनेरी नावाचं बेट रेशमी कापडासाठी आणि त्याच्या रंगांसाठी प्रसिद्ध. तिथे आता रंग चढत नाही. तिथली जुनी रंगारीण रंगांची नावंच विसरली आहे. पण बेटावरच्या लोकांना विचारा, ते म्हणणार, जादू वगैरे काही नव्हतंच कधी, पूर्वी लोक भोळे होते. आणि कापड बिघडलं त्याचा दोष शेजाऱ्याचा. हरवल्याचं दुःखसुद्धा होत नाही, कारण काय हरवलं तेच हरवलेलं असतं.

मग गेड आणि आरेन नावाचा तरुण राजपुत्र तराफ्यांवर राहणाऱ्या समुद्री लोकांकडे येतात. वर्षातली सर्वांत लहान रात्र. त्या रात्री ते लोक पहाटेपर्यंत नाचतात आणि गाणारे जुनी गाणी म्हणतात. मध्येच गाणारे थांबतात. पुढचं आठवत नाही. पाय थांबतात. समुद्रावर नुसती शांतता. तेव्हा आरेन पुढे होतो. तो जादूगार नाही. त्याला लहानपणी शिकवलेलं जग निर्माण झाल्याचं गाणं येतं, तेवढंच. ते तो म्हणतो, आणि सूर्य उगवेपर्यंत नाच पुरा होतो.

मित्रहो, मी हे प्रकरण तरुणपणी वाचलं तेव्हा छान वाटलं होतं. गेल्या गणेशोत्सवात त्याचा अर्थ कळला. तुमच्यापैकी बरेच जण त्या संध्याकाळी इथेच होते. सातवा दिवस. आपण सवयीप्रमाणे मोबाइल स्पीकरला जोडला होता, आरती स्पीकरवर चालू, आपण टाळ्या वाजवत त्याच्या मागे मागे. आणि दिवे गेले. स्पीकर बंद. दोन-चार ओळी आपण अंधारात रेटल्या. मग एकेक आवाज गळत गेला. दुसऱ्या आरतीच्या दुसऱ्या कडव्याला कोणालाच पुढचं येईना. साठ-सत्तर माणसं हातात निरांजन घेऊन उभी, आणि शांतता. कोणीतरी मोबाइलच्या उजेडात गुगल करू लागलं.

तेवढ्यात मागच्या खुर्चीवरून एक बारीक, थरथरता आवाज आला. त्या आजींनी कडवं उचललं, पुरं केलं, तिसरं म्हटलं, आणि मग न थांबता पुढच्या आरत्या, आणि शेवटी मंत्रपुष्पांजली, स्वर जिथल्या तिथे ठेवून. त्या वर्षभर घरात फारसं बोलत नव्हत्या. सुनेचं नाव त्यांना कधी आठवे, कधी नाही. पण हे सगळं आत शाबूत होतं. दिवे आले तेव्हा आपण टाळ्या वाजवल्या आणि प्रसादाच्या रांगेत लागलो. त्या आजी यंदा नाहीत.

मी जुन्याचं रडगाणं गायला उभा नाही. आपल्या आरत्यांत चुका पिढ्यान् पिढ्या आहेत. 'फणिवरबंधना' म्हणजे नागाचा बंध कमरेला असलेला. आपण लहानपणी 'फळीवर वंदना' म्हणत फळीवरच्या डब्यांकडे बघायचो. इंद्रशत्रूचा न्याय लावला तर इंदूर केव्हाच बुडायला हवं होतं. पण लाडूच्या देवाने ते चालवून घेतलं. आपल्या इंदुरी मराठीत "मी येऊन राहिलो" चालतं, हिंदी सर्रास मिसळतं, तेही मला गोड वाटतं. चार पिढ्यांपूर्वी आलेल्या माणसांनी इथल्या मातीशी बोलायला नको का? चूक म्हणणारा निदान म्हणतो तरी आहे. गेडनेही पहिला मंत्र अर्थ न कळताच म्हटला होता. शेळ्यांची फजिती झाली, पण मावशीला कळलं की पोराच्या तोंडात शब्द बसतो, आणि तिने शिकवायला घेतलं. मला भीती चुकीची नाही, स्पीकरची आहे. स्पीकर कधीच चुकत नाही, आणि आपल्याला तोंड उघडू देत नाही.

कोणी विचारेल, शब्दाने खरंच जग बदलतं का? खड्याचा हिरा होत नाही, कबूल. पण जे. एल. ऑस्टिन नावाच्या इंग्रज तत्त्वज्ञाने दाखवून दिलं की काही वाक्यं माहिती देत नाहीत, ती कृतीच असतात. "मी शपथ घेतो" म्हटलं की शपथ घेतली जाते. न्यायाधीश "निर्दोष" म्हणतो आणि कोठडीचं दार उघडतं. आपल्याला तर यासाठी ऑस्टिनचीही गरज नाही. बोहल्यावर 'सावधान' हा शब्द ऐकला आणि नारायण नावाचा मुलगा मंडपातून निघून गेला, त्याचे समर्थ रामदास झाले, ही कथा आपल्याला पाठ आहे. 'सावधान' सगळ्याच लग्नांत म्हणतात. ऐकणारा एखादाच निघतो.

म्हणून दोन मागण्या करतो आणि थांबतो. एक, यंदा निदान संध्याकाळची एक आरती स्पीकरशिवाय होऊ द्या. अडखळू, चुकू, मध्येच थांबूही. चालेल. प्रत्येक घराने एक आरती वाटून घ्यावी आणि त्या घरातल्या सर्वांत लहान मुलाने ती पाठ म्हणावी. दुसरी मागणी अगदी लहान आहे. उद्या नातू किंवा नात शाळेला निघताना "जातो", "जाते" म्हणेल. तेव्हा मोबाइलवरून मान वर करा आणि एवढंच म्हणा, "येतो म्हण, बाळा." त्याला कारण कळणार नाही. आपल्यालाही आजीने कारण सांगितलं नव्हतंच. पण तो शब्द तोंडात घेऊन ते मूल घराबाहेर पडेल, आणि तेवढ्याने त्याचं घराशी असलेलं नातं एका दिवसाने पुढे सरकेल.

येतो.

गणपती बाप्पा मोरया!